एक तिकीट जास्त

मुलांनो, मागच्या रविवारी तुम्ही दोघांनी मला व्हिडिओ कॉलवर विचारलंत, "आजी, तू न्हावऱ्याच्या आजीशी बोलत का नाहीस?" मी म्हटलं, नेटवर्क जातंय, नंतर सांगते. नेटवर्क चांगलं होतं. तुमची आई शेजारी बसली होती, आणि तिच्यासमोर सांगितलेली गोष्ट संध्याकाळपर्यंत आपल्या सगळ्या नातेवाइकांत पोचते, हा माझा अनुभव आहे. म्हणून लिहून पाठवते आहे. तुम्हाला मराठी वाचायला वेळ लागतो. लागू दे.

आत्ताच लिहिण्याचं दुसरंही कारण आहे. तुमचा कॉल झाला त्याच आठवड्यात न्हावऱ्याहून निरोप आला. माझा पुतण्या रांजणगावच्या एका कंपनीत कामाला आहे. पहिली पाळी संपवून घरी जाताना त्याने आपल्या फाटकापाशी गाडी थांबवली आणि हेल्मेट न काढताच म्हणाला, "काकू, आईनं बोलावलंय. आता ती फारशी उठत न्हाई. तुमाला एकदा भेटायचं म्हंती."

त्याची आई म्हणजे माझी मोठी जाऊ. मी त्यांना अक्का म्हणते, म्हणजे म्हणत असे. लग्नाकार्यात समोरासमोर आलो तर "बरं आहे ना" एवढंच. असं चाळीस वर्षांहून अधिक चाललं. निरोप ऐकून माझ्या मनात पहिला प्रश्न आला तो हा की यांना मला काही सांगायचं आहे, की माझ्याकडून काही वदवून घ्यायचं आहे?

कारण मी इतकी वर्षं असं मानत आले आहे की अक्कांनी माझ्या आईच्या पत्रांतली पानं चोरली.

आता नीट क्रमाने सांगते.

माझं माहेर दौंडचं. वडील रेल्वेत होते, आम्ही रेल्वेच्या क्वार्टरमध्ये राहायचो आणि मी तिथल्या इंग्रजी शाळेत शिकले. त्यामुळेच लग्न होऊन शिरूरला आले तेव्हा मला लगेच इंग्रजी शिकवायची नोकरी मिळाली. सासरी सासू-सासरे, थोरले दीर, अक्का आणि आम्ही दोघं. मी सकाळी साडेदहाला शाळेत जायचे आणि पाचला यायचे. पोस्टमन यायचा दुपारी एकच्या सुमाराला. म्हणजे माझं पत्र घ्यायला दारात नेहमी अक्का.

आईचं पत्र आठवड्याला यायचं, कधी पाकीट, कधी निळं इनलँड. दौंड काही लांब नाही, पण पत्राला दोन-तीन दिवस लागायचे. मी घरी आले की ते आरशाच्या मागे खोचलेलं असायचं. मी हातपाय धुऊन ते उघडायचे आणि पहिल्या काही महिन्यांतच मला काहीतरी खटकायला लागलं.

एक तर पाकिटाची चिकटपट्टी. आईचा पाकिटाच्या डिंकावर भरवसा नव्हता. ती कणकेची खळ करून त्यावर फिरवायची. उघडताना तिचे पांढरे पापुद्रे पडायचे. पण काही पाकिटं अशी यायची की त्यात चपटं झालेलं, वाळून काचेसारखं झालेलं भाताचं शीत निघायचं. आई शितं वापरत नव्हती. आमच्या सासरी मात्र कागद चिकटवायला शितंच वापरत.

दुसरं, अक्कांना माझ्या माहेरच्या बातम्या माझ्या आधी कळायच्या. लग्नाला दीड वर्ष होऊन गेलं असेल, एकदा मी पत्र उघडलंही नव्हतं, नुसतं हातात घेतलं होतं, आणि चुलीपाशी बसलेल्या अक्कांनी विचारलं, "आली का गं दौंडाला नळाला धार?" मी वाचलं. आईने लिहिलं होतं की चार दिवस नळाला पाणी नव्हतं, आज करंगळीएवढी धार आली. मी अक्कांकडे पाहिलं. त्या भाकरी थापत होत्या, मान वर केली नाही.

मी तेव्हा काही बोलले नाही. धाकटी सून, त्यात शिकलेली, त्यात नोकरी करणारी. तोंड उघडलं असतं तर सगळ्यांनी मिळून मलाच ऐकवलं असतं. पण त्या दिवसापासून मी पाकिटं फेकणं बंद केलं. पाकीट, त्यातलं पत्र त्याच पाकिटात, वर पेन्सिलने मिळाल्याची तारीख आणि शीत असेल तर एक बारीक फुली.

माझ्या लग्नाला चार वर्षं झाली आणि आई गेली. दिवस झाल्यावर धाकटी बहीण, म्हणजे तुमची दौंडची मावशीआजी, मला म्हणाली, "शेवटच्या वर्षात आई तुला किती लिहायची गं. तीन-तीन पानं. दुपारभर तेच." त्या वर्षभरात मला मिळालेल्या कुठल्याही पाकिटात एका पानापेक्षा जास्त काही नव्हतं.

शिरूरला परत आले तर आईचं आणखी एक पाकीट माझी वाट पाहत होतं. तिने जाण्याआधी टाकलेलं. मी दौंडला असताना ते इथे आलं आणि तेरा दिवस अक्कांकडे होतं. आत अर्धं पान. चिकटपट्टीला शीत. मी सगळ्यांसमोर म्हणाले, "बाकीची पानं कुठं आहेत?" अक्का म्हणाल्या, "कसली पानं? चोर समजतीस व्हय मला?" सासूबाई त्यांच्या बाजूने बोलल्या. त्या वर्षाच्या आत दीर आणि अक्का न्हावऱ्याच्या शेतावर राहायला गेले. लोक म्हणतात वाटणीमुळे गेले. मला माहीत आहे का गेले.

आता तुम्हाला प्रश्न कळला. आईचा आवाज कुठे ध्वनिमुद्रित नाही. तिचे फोटो दोन, दोन्हींत ती कॅमेऱ्याकडे बघत नाही. तिचं जे काही आहे ते या पत्रांत, आणि त्यातलं निम्मं कुणीतरी काढून घेतलं, असं मी समजत होते. ज्यांच्यावर माझा संशय होता त्या आता अंथरुणावर आहेत. विचारायचं तर आत्ताच. आणि मला रिकाम्या हाताने जायचं नव्हतं.

पुरावा कसा उभा करायचा हे मी दोन दिवस विचार करत होते. मग सुचलं की पाकिटावरची तिकिटंच साक्ष देतील. पत्राला तिकीट वजनावर लागतं. पहिल्या टप्प्यापर्यंत इतकं, त्यापुढच्या प्रत्येक टप्प्याला आणखी इतकं. आईने पोस्टात वजन करून तिकीट लावलं असेल, तर तिकिटांवरून पत्र निघताना केवढं जड होतं ते कळेल. आज आत जे आहे ते काट्यावर ठेवलं की ते पोचल्यावर केवढं उरलं ते कळेल. दोन्हींत फरक निघाला की तेवढी पानं वाटेत गेली.

तुमच्या आईने केक करायला म्हणून दिलेला डिजिटल काटा फडताळात खोक्यासकट पडून होता. (केक मी केलेला नाही. तिला सांगू नका.) जुन्या टपालदरांचा तक्ता तिकिटं जमवणाऱ्यांच्या एका वेबसाइटवर मिळाला, तो स्टँडजवळच्या झेरॉक्सवाल्याकडून छापून आणला. एकूण पाकिटं सत्तावीस, इनलँड सहा. लग्नानंतरच्या पहिल्या दीड वर्षाची सगळी आणि नंतरचीही बरीचशी पत्रं यात नाहीत. ती जुन्या घरात पत्र्याच्या पेटीत होती. छपरातून पाणी गळून त्या पेटीतल्या सगळ्या कागदांचा लगदा झाला.

जेवणाच्या टेबलावर वर्तमानपत्र अंथरलं आणि एकेक पाकीट घेतलं. वहीत पाच रकाने आखले: पोस्टाच्या शिक्क्यावरचं वर्ष, लावलेली तिकिटं, त्या वर्षाचा दर, आजचं वजन, फरक. तीन सकाळी गेल्या. सत्तावीसपैकी एकवीस पाकिटांवर जरुरीपेक्षा जास्त तिकीट निघालं.

खरं सांगायचं तर मला आनंद झाला. इतक्या वर्षांनी कागदावर सिद्ध झालं, आणि तेही अंकांत. मी दोन पानांचा एक स्वच्छ गोषवारा लिहिला. खाली सही करण्याचा मोह झाला तो आवरला.

पण गणित दुसऱ्याकडून तपासून घ्यावं, ही शाळेतली सवय. आपल्या मागच्या गल्लीत एक निवृत्त पोस्टमास्तर राहतात. सगळी गल्ली त्यांना आप्पा म्हणते. वय पंच्याऐंशीच्या पुढे, ऐकू कमी येतं, नजर मात्र अजून तिकिटावर जाते. मी पाकिटं आणि वही घेऊन गेले. का आले ते सांगितलं नाही. नुसतं म्हटलं, "आप्पा, एवढं तपासून द्या."

त्यांनी वही नाकाजवळ धरली आणि पहिल्याच पानावर हसले.

"बाई, हे वरीस कुठनं घेतलं?"

"शिक्क्यावरून. आणि त्या वर्षाचा दर तक्त्यातून."

"आन् महिना?"

वहीत महिन्याचा रकानाच नव्हता.

"दर काय एक जानेवारीला बदलत्यात व्हय? बजेट झाल्यावर बदलायचे. वरीस एक, दर दोन. तुमी समद्याला जुनाच दर लावलाय. पोरांच्या पेपरला बी असंच तपासायचा का?"

मला राग आला, पण ते बरोबर होते. शिक्क्यांवरचे महिने घेऊन आम्ही पुन्हा बसलो. पाच पाकिटं संशयातून सुटली. ती दर वाढल्यानंतरची होती आणि त्यांच्यावरची तिकिटं चोख होती. उरली सोळा.

"आता या सोळांत पानं जास्त होती हे तरी खरं ना?" मी विचारलं. आणि लगेच जीभ चावली, कारण मला माझा संशय सांगायचा नव्हता.

आप्पांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. "पानं? कुणी काढली म्हंता?"

"कुणी नाही. तुम्ही बघा."

ते बघत राहिले. पंधरा पाकिटांवरचा जास्तीचा आकडा दरवेळी सारखाच होता. पहिल्या टप्प्याचं तिकीट पुरं, आणि शेजारी एक छोटं तिकीट, किंचित तिरकं. दुसऱ्या टप्प्याला ते पुरत नव्हतं आणि पहिल्याला नको होतं. वजनाशी त्याचा काही मेळच बसत नव्हता. मी तिरकं तिकीट पाहिलं होतं, पण दोन्हींची बेरीज करून टाकली होती. बेरजेत ते दिसेनासं झालं.

"पोस्टातला बाबू असं लावत न्हाई," आप्पा म्हणाले. "हे घरी लावल्यालं हाय. हातानं." मग त्यांनी इनलँड पत्रं मागितली. ती मी नुसती सोबत आणली होती, वहीत घेतलीच नव्हती. इनलँडवर तिकीट छापलेलंच असतं, त्याचं काय वजन करायचं?

सहापैकी चारांवर वेगळं चिकटवलेलं छोटं तिकीट होतं.

"दर वाढल्यावर घरातलं जुनं इनलँड वापरलं असेल, म्हणून वरचं तिकीट," मी म्हटलं.

"एकाचं तसं हाय. बाकीच्या तिनांचे महिने बघा. तवा दर वाढला नव्हता. आन् बाई, इनलँडात दुसरा कागद घालताच येत न्हाई. घातला तर चालत न्हाई. मग या तिनांतनं कुणी काय काढलं, सांगा बरं?"

मी तिन्ही इनलँड पुन्हा उघडून पाहिली.

"अशी माणसं मी लई पाह्यलीत," आप्पा म्हणाले. "नॉटपेडची धास्ती. एकदा दंड बसला की जलमभर एक तिकीट वर लावत्यात."

नॉटपेड म्हणजे तुम्हाला कळणार नाही. पत्राला तिकीट कमी पडलं तरी ते पोचवत, पण ज्याच्या दारात जाई त्याच्याकडून कमी पडलेल्याच्या दुप्पट वसूल करत. न्हावऱ्याकडची काही मंडळी मुद्दाम बिनतिकिटाचं पत्र टाकायची, कारण पैसे घ्यायचे असल्यामुळे पोस्टमन ते पत्र हमखास पोचवणारच, असा त्यांचा हिशोब. दौंडच्या रेल्वे क्वार्टरमध्ये मात्र नॉटपेड पाठवणं म्हणजे लाज.

आप्पांच्या ओट्यावर बसल्या बसल्याच मला आठवलं. लग्नाला दोन महिने झाले असतील. आईने एका पाकिटात स्वेटरच्या विणीचा नमुना घातला होता, लोकरीचा विणलेला तुकडा. ते नॉटपेड आलं. रविवार नव्हता, पण शाळेला सुट्टी होती, म्हणून मी घरी होते. पोस्टमनने दारात दंड मागितला. सासऱ्यांनी कोपरीच्या खिशातून काढून दिला आणि सासूबाई पोस्टमनच्या देखतच म्हणाल्या, "सुनबाईच्या माहेराला तिकिटं मिळत न्हाईत वाटतं. आमी पाठवू का थोडी?" पोस्टमन हसला. मी त्याच संध्याकाळी आईला लिहिलं. काय लिहिलं ते शब्दशः आठवत नाही. पण मी तेव्हा रागात होते आणि माझी लेखणी धारदार होती.

घरी येऊन दौंडला फोन लावला. बहिणीला विचारलं, "तू म्हणाली होतीस ना, आई मला तीन-तीन पानं लिहायची?"

"लिहायचीच."

"मला एकच मिळायचं."

"एकच यायचं की. दोन फाडायची. आधी कच्चं लिहायची, मग त्यात खोडायची, मग पक्कं. शेवटी हात कापायचा तर जास्तच. तू चुका काढायचीस ना तिच्या. एकदा तिचंच पत्र लाल पेनाने दुरुस्त करून परत पाठवलंस. गंमत म्हणून."

"हे तू मला इतक्या वर्षांत सांगितलं नाहीस."

"तू विचारलंस कधी? तू सरळ जाऊबाईंवर खटला भरलास."

मी फोन ठेवला. मला वाईट वाटलं, ते मी इथे लिहीत बसत नाही. पण संशय एवढ्यावर संपला नाही, हेही सांगायला हवं. शितं होतीच. नळाची धार होतीच. आणि सोळातलं सोळावं पाकीट, शेवटचं, ते या हिशोबात बसत नव्हतं. त्यावर दोन टप्प्यांची पुरी तिकिटं होती, वर ते तिरकं तिकीट वेगळं. आत मात्र अर्धं पान. कच्चं-पक्कं म्हणून ते सुटत नाही.

म्हणून गेले. सकाळच्या एसटीने, पाकिटांची पिशवी मांडीवर घेऊन. रस्त्यात उसाच्या ट्रॉल्यांमागे गाडी रेंगाळत होती आणि मी प्रश्नांचा क्रम लावत होते.

अक्का पडवीत खाटेवर होत्या. डोळ्यांत दोन्हीकडे मोतीबिंदू, एकाचं ऑपरेशन झालेलं, तरी नीट दिसत नाही. पुतण्याची बायको चहा ठेवून गोठ्याकडे गेली.

"आल्या का मास्तरीणबाई," अक्का म्हणाल्या. "पिशवी वाजतीया. कागदं आणलीस जणू."

"आणली आहेत. अक्का, मला एक विचारायचंय."

"इचार की. म्हणून तर बोलावलं. मी मेल्यावर इचारशील तर कोण सांगणार?"

"माझ्या आईची पत्रं तुम्ही फोडत होता का?"

"व्हय."

माझ्या वहीत या प्रश्नासाठी दीड पान राखून ठेवलं होतं. उत्तर एका शब्दात आलं.

"किती?"

"समदी. तू शाळंत असताना आल्याली समदी. चहाच्या आधणावर धरायचे, वाफंनं सुटायचं. वाचायचे आन् शितानं चिकटवायचे. सासूला म्हाईत न्हवतं. तिला वाटायचं मी चहाच लई पिती."

"पण का?"

"मला कोण लिवणार हुतं? माझ्या आईला सही न्हवती येत. सातवीपत्तुर शिकले, आन् घरात वाचायला काय, तर पंचांग. पोस्टमन नावं पुकारायचा. चार वर्सांत माझं एकदा न्हाई पुकारलं. तुझं दर आठवड्याला. मग मी म्हनलं, हिचं तर हिचं."

"आणि पानं?"

"पानं काढून काय करू, लोणचं घालू? तवाच म्हनले हुते, चोर न्हाई मी. फोडलं ते सांगायची लाज वाटली, म्हणून तेवढं न्हाई बोलले."

मुलांनो, मला इथे लिहायला आवडलं असतं की मी त्यांचा हात धरला. मी तसं केलं नाही. मी त्यांची परीक्षा घेतली. पिशवीतून एक पाकीट काढलं आणि विचारलं, "नळाच्या धारेचं पत्र आठवतं?"

अक्कांनी डोळे मिटले आणि म्हणायला लागल्या. आईच्या बोलीत, आपल्या नाही. "चार दिवस नळ नुसताच फुसफुसत होता. आज करंगळीएवढी धार आली, मी तिच्याखाली कळशी ठेवून शेजारीच बसले, न जाणो रुसून जायची." पत्र माझ्या हातात होतं. मी ओळीवर बोट ठेवून चालले होते. दोन शब्द इकडचे तिकडे झाले, बाकी जसंच्या तसं. आणखी एक विचारलं, मग आणखी एक. तिसऱ्यात त्या एका वाक्यावर अडल्या, म्हणाल्या, "पुढचं न्हाई ध्यानात." पत्रात तिथेच शाईचा डाग होता.

"तुम्ही हे पाठ केलंत?"

"पाठ कशाला करू? ऊस खुरपताना मनात यायचं. दुसरं काय हुतं मनात यायला?"

मग मी विचारलं, "अगदी सुरुवातीची? पहिल्या वर्षाची?" ती माझ्याकडे नाहीत हे त्यांना सांगितलं नाही. त्या खरं बोलतात की जुळवतात, हे पाहायचं होतं.

"पैलं पत्र खाटंचं," अक्का म्हणाल्या. "तुझी खाट काढली नाही. तिच्यावर धुतलेल्या कपड्यांच्या घड्या ठेवते, म्हणजे रिकामी दिसत नाही. तुझे बाबा म्हणतात, एवढे कपडे रोज कुणाचे धुतेस."

हे पत्र मला आठवत होतं, पण एवढंच की खाटेविषयी काहीतरी होतं. घड्या विसरले होते. वडिलांचं वाक्य तर पार विसरले होते.

मग त्या स्वेटरच्या तुकड्यानंतरचं पत्र त्यांनी सांगितलं. "दंडाचं वाचलं. माझ्यामुळे तुला कुणी बोललं हे बरं झालं नाही. आता मी पोस्टात वजन करून झालं तरी घरी आणते, शिल्लक असलं तर एक तिकीट जास्त लावते आणि मगच पेटीत टाकते. बाबा हसतात. हसू देत."

मी तिकिटांबद्दल अक्कांशी एक अक्षर बोलले नव्हते. वहीही पिशवीतच होती. पुतण्याला मी काही सांगितलं नव्हतं. आप्पांचा आणि न्हावऱ्याचा काही संबंध आहे का, याचाही मी विचार करून पाहिला. नाही.

शेवटी मी ते सोळावं पाकीट त्यांच्या हातात दिलं. "हे, आई गेल्यावर आलेलं. हे फोडलंत?"

अक्कांनी पाकिटावर बोटं फिरवली. मग म्हणाल्या, "फोडलं."

"आत काय होतं?"

"अर्दा कागुद."

"आणखी काही?"

"अर्दा कागुद," त्या म्हणाल्या आणि भिंतीकडे तोंड केलं. "चहा निवला बघ तुझा."

मी पुन्हा विचारलं नाही. विश्वास ठेवला, असं लिहिलं तर ते खोटं होईल. विचारणं थांबवलं, एवढं खरं आहे. निघताना त्या म्हणाल्या, "परत येशील तवा वही आण. मला समदं आठवतंय तवर लिवून घे. आन् लाल पेन आणू नकोस."

त्यानंतर मी तीन वेळा जाऊन आले. मधल्या दिवसांत पुतण्याच्या बायकोच्या फोनवरून त्या बोलतात, काही आठवलं तर सांगतात. त्या बोलतात आणि मी लिहिते. ज्याची पडताळणी माझ्याकडच्या पत्रांवरून होते त्यापुढे तशी नोंद करते, ज्याची होत नाही त्यापुढे "फक्त अक्कांच्या सांगण्यावरून" असं लिहिते. माझा स्वभाव आता बदलायचा नाही. तुमच्या प्रश्नाचं उत्तर एवढंच की आता आम्ही बोलतो.

सत्तावीस पाकिटं आणि सहा इनलँड माझ्या कपाटात आहेत. ओल्या पेटीत गेलेल्या पत्रांपैकी पाच अक्कांनी सांगितली, ती माझ्या वहीत उतरलेली आहेत. सहावं अर्धं झालं आहे. एका पाकिटाचं वजन अजून जुळत नाही.